गाव कुठे असतं? माझगावच्या माथारपाखाडीचा इतिहास



इतिहासाच्या व्याख्यानमालेत तत्त्वज्ञानाचा प्राध्यापक काय करतोय, हा प्रश्न तुमच्यापैकी काहींच्या मनात आला असेल, आणि तो रास्त आहे. माझं उत्तर एवढंच, की इतिहासकार माहिती गोळा करतो, पुरावे तपासतो. आमच्या विषयात आधी शब्दाला थांबवून विचारतात, 'बाबा रे, तुझा अर्थ काय?' आज मी ज्या शब्दाला थांबवणार आहे तो अगदी साधा शब्द आहे: गाव.

आणि गावही फार लांबचं नाही. भायखळा स्थानकावर पूर्वेला उतरा, नेसबिट रोडनं डॉकयार्डच्या दिशेनं चालत राहा, माझगावात आलात की एका बाजूला गल्ली लागते. दोन्ही बाजूंना बुटकी, दुमजली घरं, लाकडी जिने, कठड्याचे व्हरांडे, वर कौलं. वाटेत एक क्रूस. ही माथारपाखाडी. 'पाखाडी' हा शब्द कोकणातल्या माणसाला समजावून सांगायला नको. दगडी पायऱ्यांची वाट ती पाखाडी, आणि त्या वाटेच्या कडेनं वसलेली वाडी तीही पाखाडी. म्हणजे मुंबईच्या ऐन गर्दीत एक अस्सल मराठी शब्द उभा आहे, आणि त्याच्या आत राहणारी माणसं ख्रिस्ती आहेत. इथंच आपल्यापैकी अनेकांची गडबड होते. त्या गडबडीबद्दल पुढे बोलू.

आधी थोडं इंग्लंडला जाऊ. स्थानिक इतिहास ही गोष्ट इंग्रजांनी फार मनावर घेतलेली आहे. आपण म्हणतो इतिहास, तेव्हा डोळ्यांसमोर लढाया, तह, राजे येतात. त्यांच्याकडे पाचपन्नास घरांच्या खेड्याचाही स्वतंत्र इतिहास लिहितात. हे त्यांना जमतं, कारण कागद. 1538 साली थॉमस क्रॉमवेलनं हुकूम काढला, की प्रत्येक पॅरिशनं बाप्तिस्मा, लग्न आणि दफन यांची नोंद ठेवायची. तेव्हापासून साध्या शेतकऱ्याचं, लोहाराचं, मोलकरणीचं नाव कुठंतरी लिहिलं जाऊ लागलं. 1948 साली लेस्टरला स्थानिक इतिहासाचा स्वतंत्र विभागच निघाला. त्याचे प्रवर्तक डब्ल्यू. जी. हॉस्किन्स यांनी 1955 च्या आपल्या पुस्तकात दाखवलं, की बांध, कुंपण, वाकडी पायवाट हेही कागदासारखंच वाचता येतं.

या परंपरेतलं एक उदाहरण मला फार बोलकं वाटतं. यॉर्कशायरमध्ये व्हॅरम पर्सी नावाचं एक खेडं होतं. 'होतं' म्हणतो, कारण आज तिथं कोणी राहत नाही. गवताखाली घरांच्या पायांचे उंचवटे दिसतात आणि मोडकळीला आलेलं एक चर्च उभं आहे, बस्स. मॉरिस बेरेसफर्ड आणि जॉन हर्स्ट या दोघांनी 1950 च्या सुमारास तिथं काम सुरू केलं आणि ते जवळजवळ चाळीस वर्षं चाललं. एका उजाड खेड्यासाठी चाळीस वर्षं! त्यांना शोधायचं होतं, की गाव मेलं कशानं?

लोकांची समजूत अशी होती, की चौदाव्या शतकात प्लेगची मोठी साथ आली, तिनं अशी गावं ओस पाडली. बेरेसफर्डनं अशा शेकडो ओसाड गावांचा अभ्यास करून सांगितलं, की प्लेगनं माणसं मेली हे खरं, पण गावं बहुतेक ठिकाणी टिकली. गावं उठली ती नंतर, पंधराव्या-सोळाव्या शतकात. लोकरीला भाव आला. जमीनदाराला कळलं, की नांगरणाऱ्या कुळांपेक्षा चरणाऱ्या मेंढ्या जास्त पैसे देतात. कुळं हलली, मेंढ्या आल्या. व्हॅरम पर्सीही असंच उठलं. रोगाला पुरून उरलेलं गाव जमिनीच्या भावापुढं टिकलं नाही. हे वाक्य जरा लक्षात ठेवा.

आता माझगावला परत येऊ. मुंबईच्या सात बेटांपैकी माझगाव एक. मुंबई बेट आणि माझगाव यांच्यामध्ये उमरखाडीचं पाणी होतं. आज उमरखाडी म्हटलं की कोणाला खाडी आठवत नाही, पण नावात ती शिल्लक आहे. आपलं भायखळाही तसंच: बहाव्याच्या झाडांचं खळं म्हणा, नाहीतर भाया नावाच्या कुणाचं खळं म्हणा, दोन्ही व्युत्पत्ती सांगतात, पण खळं तर होतंच. माझगावचा अर्थ कोणी 'मच्छग्राम' सांगतात, कोणी सरळ 'माझं गाव' म्हणतात. व्युत्पत्ती म्हणून दुसरी कच्ची असेल, पण भावना म्हणून पक्की आहे.

1534 मध्ये गुजरातच्या बहादूरशहानं वसई आणि तिच्याबरोबर ही बेटं पोर्तुगीजांना दिली. 1572 मध्ये पोर्तुगालच्या राजानं माझगावची जहागीर सोझा ई लिमा घराण्याला वंशपरंपरेनं लिहून दिली. 1632 मध्ये फ्रान्सिस्कन पाद्र्यांनी इथं ग्लोरिया चर्च बांधलं. राजपुत्रीच्या लग्नाच्या तहात, 1661 मध्ये, मुंबई इंग्लंडच्या राजाकडे गेली, 1668 मध्ये ईस्ट इंडिया कंपनीकडे. 1689 मध्ये जंजिऱ्याचा सिद्दी याकूत खान आला, माझगावात ठाण मांडून बसला, आणि पुढच्या वर्षी जाताना माझगावचा किल्ला पाडून गेला.

आता बघा, हा सगळा इतिहास खरा आहे, आणि तरी यात गाव कुठंच नाही. यात आहे ते गावाचे मालक. कोणी कोणाला दिलं, कोणी कोणाकडून घेतलं. ज्याला दिलं-घेतलं जात होतं, तो काय करत होता?

त्याची एक झलक जॉन फ्रायर नावाच्या इंग्रज डॉक्टरच्या प्रवासवर्णनात आहे. तो 1673 मध्ये मुंबईत आला. माझगावबद्दल तो सांगतो, की हे मासेमारांचं मोठं गाव आहे, इथला एक मासा प्रसिद्ध आहे, गरीब लोक तो मासा, जाडाभरडा तांदूळ आणि माडाची ताडी यांवर जगतात. त्या माशाला आणि त्या भाताला त्यानं काय नावं लिहिलीत ठाऊक आहे? 'बंबेलो' आणि 'बॅटी'. आपला बोंबील आणि आपला भात! त्याच्या कानावर जे पडलं ते त्यानं लिहून ठेवलं. म्हणजे माझगावच्या सामान्य माणसाबद्दल इंग्रजीत लिहिलेल्या अगदी जुन्या मजकुरात जे शब्द आहेत ते मराठी आहेत. मालक पोर्तुगीज होता, लिहिणारा इंग्रज होता, पण ताटातला शब्द आपला होता.

ही माणसं कोण? कोळी, भंडारी, कुणबी. भंडारवाड्याची टेकडी भंडाऱ्यांचीच. यांतल्या काहींनी पोर्तुगीजांच्या काळात धर्म बदलला, काहींनी नाही. ज्यांनी बदलला त्यांनी भाषा बदलली नाही. मुंबई, साष्टी, वसई, ठाणे या पट्ट्यातल्या या ख्रिस्ती लोकांना आज आपण ईस्ट इंडियन म्हणतो. हे नाव तसं अलीकडचं. एकोणिसाव्या शतकात गोव्याहून आणि मंगळूरहून ख्रिस्ती माणसं नोकरीसाठी मुंबईत येऊ लागली. बाहेरच्याला सगळे सारखेच दिसायचे. तेव्हा इथल्या मूळच्या लोकांना वाटलं, आपण वेगळे आहोत हे सांगायला हवं. 1887 मध्ये, व्हिक्टोरिया राणीच्या सुवर्णमहोत्सवाच्या वर्षी, त्यांनी आपली संस्था काढली आणि 'ईस्ट इंडियन' हे नाव घेतलं. गंमत पाहा. 'आम्ही इथलेच' हे सांगण्यासाठी निवडलेलं नाव इंग्रजी होतं. त्या काळात सरकारदरबारी जी भाषा ऐकली जायची, तिच्यात ते बोलले. पण घरात काय चालू होतं? लग्नाच्या आदल्या रात्री वाजतगाजत विहिरीवर जाऊन घागरीतून पाणी आणायचं, आणि त्या विधीचं नाव 'उंबराचं पाणी'. बाईच्या अंगावर नऊवारी लुगडं. ज्यांच्या घरच्या लग्नात देवकाला उंबराची डहाळी लागते, त्यांना हा विधी परका वाटायचं कारण नाही.

आता ती गडबड. असा कोणी ईस्ट इंडियन माणूस अस्खलित मराठी बोलला की आपण कौतुकानं म्हणतो, 'अरे वा, तुम्ही मराठी छान शिकलात!' शिकलात? ते कुठून शिकणार? त्यांच्या आजीच्या आजीची भाषा ती. ख्रिस्ती माणसानं मराठी बोलावं याचं आपल्याला नवल वाटतं. फादर थॉमस स्टीफन्स यांचं 'क्रिस्तपुराण' 1616 मध्ये गोव्यात रायतूरला छापलं गेलं. ओवीबद्ध, मराठी. हे स्टीफन्स मूळचे विल्टशायरमधल्या बुश्टन नावाच्या छोट्याशा खेड्यातले. इंग्लंडच्या एका खेड्यातला माणूस चारशे वर्षांपूर्वी मराठीत पुराण लिहितो हे आपण अभिमानानं सांगतो, आणि माझगावच्या गल्लीतला माणूस मराठी बोलला की चकित होतो. हा तर्क काही मला पटत नाही.

माथारपाखाडीचे एक सुपुत्र तुम्हाला माहीत असतील, निदान बागेच्या नावामुळे. जोसेफ बॅप्टिस्टा, लोकांचे काका बॅप्टिस्टा. जन्म 1864, याच पाखाडीत. केंब्रिजला शिकले, बॅरिस्टर झाले, लोकमान्य टिळकांचे निकटचे सहकारी झाले. 1916 मध्ये टिळकांनी होमरूल लीग काढली तेव्हा तिचे पहिले अध्यक्ष बॅप्टिस्टा. 1920 मध्ये आयटकची स्थापना झाली, तिच्या संस्थापकांत ते. पुढे 1925 मध्ये मुंबई महापालिकेचे अध्यक्ष. गिरणगावातल्या मंडळींनी हे नाव कृतज्ञतेनं घ्यावं असं आहे. 1930 मध्ये ते वारले. भंडारवाड्याच्या टेकडीवर, जिथं सिद्दीनं पाडलेला किल्ला होता, तिथल्या बागेला आज त्यांचं नाव आहे. मला त्यांच्याबद्दल विशेष वाटतं ते हे, की ईस्ट इंडियन असणं, मराठी असणं आणि हिंदुस्थानच्या स्वराज्यासाठी झगडणं यांत त्यांना कुठं विरोध दिसला नाही. तो विरोध नंतर आपण कल्पिला.

आता प्लेगकडे येऊ. 1896 च्या सप्टेंबरमध्ये मांडवीत डॉ. अकासियो व्हिएगस यांनी प्लेगचा पहिला रोगी ओळखला. मुंबई रिकामी होऊ लागली. भायखळ्याच्या ग्रँट मेडिकल कॉलेजात हाफकिन यांनी प्लेगची लस तयार केली, जानेवारी 1897 मध्ये ती आधी स्वतःला टोचून घेतली आणि मग आपल्या भायखळ्याच्याच तुरुंगातल्या स्वयंसेवक कैद्यांना दिली. त्या दिवसांत मुंबईतल्या अनेक ख्रिस्ती वस्त्यांनी साथीतून सुटका व्हावी म्हणून क्रूस उभारले. आजही जुन्या गावठाणांत ते दिसतात, दिवा लागतो, प्रार्थना होते. माझगावानं साथ सोसली, आणि माथारपाखाडी उरली.

मग आलं बंदर. 1880 मध्ये प्रिन्सेस डॉक, 1888 मध्ये व्हिक्टोरिया डॉक, पुढे भराव, गोदामं, रेल्वे. ज्या गावाची ओळख मासे होती त्या गावापासून समुद्र लांब सरकत गेला. आणि बंदराकडच्या या रेल्वेसाठी 1911 च्या सुमारास माझगावचं जुनं ग्लोरिया चर्च पाडण्यात आलं. जवळजवळ पावणेतीनशे वर्षांचं देऊळच म्हणा ना. त्याच्या बदल्यात नवं चर्च उभं राहिलं ते 1913 मध्ये, आपल्या भायखळ्यात. पुलावरून जाताना रोज ज्याचा मनोरा दिसतो तेच हे चर्च. आपण ते भायखळ्याचं म्हणून ओळखतो. ते मुळात माझगावचं आहे.

इथं मला व्हॅरम पर्सी आठवतं. तिथं चर्च जागेवर राहिलं आणि माणसं गेली. इथं चर्च उठून गेलं आणि माणसं राहिली. तर मग सांगा, गाव कुठे असतं?

जमिनीत असतं म्हणावं, तर व्हॅरम पर्सीची जमीन तिथंच आहे, गाव नाही. देवळात, चर्चमध्ये असतं म्हणावं, तर माथारपाखाडीचं चर्च हललं, गाव राहिलं. समुद्र गेला, वाडी गेली, मालक पाच वेळा बदलले. 'मिलिंदप्रश्न' या बौद्ध ग्रंथात नागसेन भिक्खू राजा मिलिंदाला विचारतो, तू रथातून आलास ना, मग रथ म्हणजे काय? चाक? आस? जू? राजा प्रत्येकाला नाही म्हणतो. शेवटी कळतं, की या भागांचा एकमेकांशी जो जोड आहे त्यालाच आपण रथ म्हणतो. गावाचंही तसंच आहे असं मला वाटतं. कोणाच्या घरी लग्न असलं तर पाणी आणायला कोणी जायचं, कोणाच्या मयताला खांदा कोणी द्यायचा, क्रूसापाशी प्रार्थनेला दिवा कोणी लावायचा, उन्हाळ्यात मसाला कुटला की बाटली कोणाच्या घरी पोचवायची. ही जी एकमेकांवरची हक्काची देणी-घेणी, ती चालू असेपर्यंत गाव असतं.

पण याचा अर्थ असा काढू नका, की घरं पडली तरी चालतील. जू वेगळं, चाक वेगळं, आस तिसऱ्याच गावी नेऊन टाकली, तर जोड कुठं राहणार? व्हरांडा समोरासमोर असतो म्हणून हाक मारता येते. गल्ली चालण्याएवढीच रुंद असते म्हणून तिथं मांडव पडतो. 1995 च्या वारसा नियमांनंतर माथारपाखाडीला वारसा परिसर म्हणून स्थान मिळालं, हे चांगलं झालं. पण वारसा म्हटल्यावर आपल्याला छान रंगवलेला कठडा दिसतो, फोटो काढावासा वाटतो. घराचा मालक मात्र वेगळ्या चिंतेत असतो. कौलं बदलायची तर लाकूड महाग, सुतार मिळत नाही, मुलं परदेशी, भाऊबंदांत सह्या होत नाहीत, आणि दारात बिल्डरचा माणूस उभा. अशा वेळी विकणाऱ्याला नावं ठेवणं सोपं आहे. मी ठेवणार नाही. जो समाज त्या घराचं कौतुक करतो आणि दुरुस्तीच्या खर्चाकडे पाठ फिरवतो, त्याला तो अधिकार नाही. बेरेसफर्डच्या मेंढ्या लक्षात ठेवा म्हणालो होतो ते यासाठी. प्लेग पचवलेली गावं जमिनीच्या भावापुढं टिकत नाहीत, आणि मुंबईत जमिनीचा भाव काय आहे हे मी तुम्हाला सांगायला नको.

आता शेवटचा मुद्दा, जो थोडा बोचेल. 'स्थानिक' हा शब्द आपल्या भागात फार जोरानं उच्चारला जातो. स्थानिकांना नोकऱ्या, स्थानिकांना घरं. मागणी म्हणून त्यात चूक आहे असं मी म्हणत नाही. पण इथं बसलेल्या बहुतेकांचे आजोबा-पणजोबा, माझे धरून, रत्नागिरी, सातारा, घाटावरून गिरण्यांच्या भोंग्यामागं आले. पहिली कापड गिरणी ताडदेवला चालू झाली 1856 मध्ये. त्याआधी पावणेदोनशे वर्षं फ्रायरला माझगावात बोंबील आणि भात खाणारी माणसं भेटली होती. आणि आपण त्यांच्या वंशजांना विचारतो, तुम्ही मूळचे कुठले? गोव्याचे का?

स्थानिक इतिहासाचा खरा उपयोग इथं आहे. मोठा इतिहास आपल्याला 'आपण' कोण हे शिकवतो. गल्लीचा इतिहास त्या 'आपण'ची यादी तपासायला लावतो. आणि यादी तपासली की ती लांबते. माझगावात इस्माइली पंथीयांच्या पहिल्या आगाखानांची हसनाबादची समाधी आहे, चिनी लोकांचं छोटं देऊळ आहे, पलीकडे घोडपदेव आहे. कोणी आधी आलं, कोणी नंतर. आधी आलेल्यांनी नंतरच्यांना जागा दिली, म्हणून तर आपण इथं आहोत.

तेव्हा तरुण मंडळींना माझी विनंती आहे. 1863 मध्ये गोविंद नारायण माडगावकरांनी 'मुंबईचे वर्णन' लिहिलं. सगळ्या शहराबद्दल एकट्या माणसानं लिहिलं. तुम्ही तुमच्या एका गल्लीबद्दल लिहा. चर्चच्या नोंदवह्या आहेत, देवळांच्या वर्गणीच्या वह्या आहेत, चाळींच्या भाडेपावत्या आहेत. इंग्लंडमध्ये क्रॉमवेलच्या हुकुमानं जे झालं त्यासाठी आपल्याला हुकुमाची वाट पाहायला नको. सगळ्यांत आधी म्हाताऱ्या माणसांकडे जा, आणि त्यांना जुन्या जागांची नावं विचारा: विहीर कुठं होती, खाडीचं पाणी कुठवर यायचं, या कोपऱ्याला काय म्हणायचे. कागद पन्नास वर्षांनीही सापडेल. ही नावं तोवर थांबणार नाहीत.

आणि त्या गल्लीत कोणी तुमच्याशी आपल्या वळणाच्या मराठीत बोललं, तर कौतुक करू नका. मराठीतच उत्तर द्या. एवढं पुरे आहे.